घरगुती जीवनावरील प्रायोगिक लघुपट

घरगुती जीवनावरील प्रायोगिक लघुपट हा प्रायोगिक चित्रपटांतील एक प्रवाह आहे. स्वयंपाकघर, शयनगृह, न्हाणीघर, बाळंतपण, मुलांचे संगोपन, दांपत्यजीवन, घरातील वृद्ध माणसे आणि पाळीव प्राणी हे या लघुपटांचे प्रमुख विषय होत. यांपैकी बहुतेक लघुपटांत रूढ अर्थाचे कथानक, व्यावसायिक अभिनेते किंवा उभारलेले नेपथ्य नसते. दिग्दर्शकाचे स्वतःचे घर हेच चित्रणस्थळ असते आणि घरातील माणसे हीच पात्रे असतात. त्यामुळे कॅमेरा कोणाच्या हातात आहे, चित्रणाला कोणाची संमती आहे आणि घरातील कोणती गोष्ट परक्या प्रेक्षकांसमोर यावी, हे प्रश्न या प्रवाहात सुरुवातीपासून उपस्थित होत आले आहेत. अनेक लघुपटांची तंत्रेही याच प्रश्नांतून घडली आहेत.

स्वरूप

कुटुंबाने स्वतःच्या आठवणीसाठी घेतलेल्या चित्रणाला ‘होम मूव्ही’ म्हणतात. वाढदिवस, सहली, विवाह असे आनंदाचे प्रसंग तीत प्रामुख्याने असतात आणि तिचा प्रेक्षकवर्ग घरापुरता मर्यादित असतो. प्रायोगिक लघुपटकारांनी होम मूव्हीची साधने आणि तिचा ओबडधोबडपणा स्वीकारला, परंतु तिने वगळलेले विषय पुढे आणले. भांडण, कंटाळा, वेदना, शरीरसंबंध, रोजची कामे आणि एकटेपण यांचे चित्रण करून ते अनोळखी प्रेक्षकांना दाखवले गेले. खासगी चित्रण आणि सार्वजनिक प्रदर्शन यांतील हा ताण या प्रवाहाचे मुख्य वैशिष्ट्य मानता येतो.

या लघुपटांची लांबी काही मिनिटांपासून सुमारे तासाभरापर्यंत आढळते. एका लघुपटाचे दिग्दर्शन, छायाचित्रण आणि संकलन एकाच व्यक्तीने केलेले असणे ही सामान्य बाब आहे.

तांत्रिक पार्श्वभूमी

घरातील दृश्य टिपण्याची प्रथा चित्रपटाइतकीच जुनी आहे. ल्युमिएर बंधूंचा १८९५ मधील ‘बाळाचे जेवण’ हा एक मिनिटाहून कमी लांबीचा चित्रपट याचे प्रसिद्ध उदाहरण होय. त्यात ऑग्युस्त ल्युमिएर आणि त्यांची पत्नी आपल्या तान्ह्या मुलीला भरवताना दिसतात. पॅरिसमध्ये २८ डिसेंबर १८९५ रोजी झालेल्या पहिल्या सशुल्क खेळात तो दाखवण्यात आला.

सामान्य कुटुंबांच्या हाती कॅमेरा येण्यास मात्र आणखी काळ लागला. १९२३ मध्ये १६ मिलिमीटर, १९३२ मध्ये ८ मिलिमीटर आणि १९६५ मध्ये सुपर ८ ही फिल्म बाजारात आली. ही फिल्म सहज पेट न घेणाऱ्या पदार्थाची असल्याने घरात वापरण्यास सुरक्षित होती. हाताने चावी देऊन चालवण्याचे हलके कॅमेरे वापरण्यास वीज किंवा साहाय्यकांचा ताफा लागत नसे. १९६७ मध्ये आलेल्या ‘पोर्टापॅक’ या सुटसुटीत व्हिडिओ यंत्रामुळे आणखी एक बदल झाला. फिल्म धुण्यासाठी प्रयोगशाळेत पाठवावी लागे आणि तेथील कर्मचारी ती पाहत असत. व्हिडिओमुळे चित्रणाचा हा पहिला परका प्रेक्षक नाहीसा झाला.

प्रारंभीचे लघुपट

माया डेरेन आणि अलेक्झांडर हमिद या दांपत्याने १९४३ मध्ये लॉस एंजेलिस येथील आपल्या राहत्या घरात ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा सुमारे १४ मिनिटांचा लघुपट तयार केला. किल्ली, पाव कापण्याची सुरी, टेलिफोनचा रिसीव्हर, जिना आणि खिडकी या नित्याच्या वस्तू त्यात स्वप्नासारख्या पुन्हापुन्हा येतात आणि प्रत्येक वेळी अधिक भयप्रद होत जातात. नायिकेची भूमिका स्वतः डेरेन यांनी केली आहे. घर हे सुरक्षित स्थळ असते, या समजुतीला या लघुपटाने छेद दिला. मूळ लघुपट मूक होता. तेइजी इतो यांचे संगीत त्याला १९५९ मध्ये जोडण्यात आले.

याच दांपत्याने १९४० च्या दशकात न्यूयॉर्कमधील आपल्या सदनिकेत ‘द प्रायव्हेट लाइफ ऑफ अ कॅट’ हा लघुपट केला. मांजरीचे विणे आणि पिल्लांचे संगोपन हा त्याचा विषय आहे. पिल्लांच्या जन्माचे दृश्य अश्लील ठरवून न्यूयॉर्कच्या चित्रपट नियंत्रण मंडळाने त्याच्या प्रदर्शनाला हरकत घेतली. जन्मासारखी घटना पडद्यावर आणणे त्या काळी किती अवघड होते, हे यावरून लक्षात येते.

स्कॉटिश लघुपटकार मार्गारेट टेट यांचा ‘अ पोर्ट्रेट ऑफ गा’ (१९५२) हा सुमारे चार मिनिटांचा लघुपट वेगळ्या वृत्तीचा आहे. ऑर्कनी बेटांवर राहणाऱ्या आपल्या आईचे हे चित्रण आहे. आई सिगारेट ओढते, चिकटलेल्या गोळीचा कागद सोडवते, रस्त्याने चालते. कोणतेही गुपित उघड न करता केवळ हात आणि हालचाली यांतून व्यक्तीचा परिचय घडवण्याचा हा मार्ग पुढील काळातही अनेकांनी अनुसरला.

स्टॅन ब्रॅकेज

अमेरिकन लघुपटकार स्टॅन ब्रॅकेज (१९३३–२००३) यांनी आपले कौटुंबिक जीवन अनेक वर्षे सातत्याने चित्रित केले. ‘वेडलॉक हाउस : ॲन इंटरकोर्स’ (१९५९) या कृष्णधवल लघुपटात नवविवाहित दांपत्याचे भांडण आणि समेट आहे. यातील काही चित्रण स्टॅन यांनी आणि काही त्यांच्या पत्नी जेन यांनी कॅमेरा एकमेकांकडे देत केले. शरीरसंबंधाची दृश्ये निगेटिव्ह रूपात ठेवली असल्याने काळ्याच्या जागी पांढरे दिसते आणि शरीरे ओळखीची राहत नाहीत.

‘विंडो वॉटर बेबी मूव्हिंग’ (१९५९) हा त्यांचा सर्वाधिक चर्चिला गेलेला लघुपट आहे. सुमारे १२ मिनिटांच्या या रंगीत, मूक लघुपटात त्यांच्या पहिल्या अपत्याचा जन्म चित्रित केला आहे. प्रसूतिगृहातील चित्रणाची आधी मिळालेली परवानगी ऐनवेळी नाकारली गेली. त्यामुळे डॉक्टर आणि परिचारिकेच्या उपस्थितीत घरीच बाळंतपण करण्यात आले. टबातील पाणी, खिडकीतून येणारा प्रकाश, जेन यांचे पोट, कळा आणि प्रत्यक्ष जन्म यांची दृश्ये काळाचा क्रम मोडून गुंफलेली आहेत. अमेरिकेत त्या काळी बहुतेक प्रसूती रुग्णालयात होत आणि वडिलांना प्रसूतिकक्षात सहसा प्रवेश नसे, हे लक्षात घेतल्यास या लघुपटाचे धाडस समजते. त्यात स्टॅन यांच्या आनंदी चेहऱ्याचीही काही दृश्ये आहेत. ती प्रसूतीनंतर जेन यांनी कॅमेरा हातात घेऊन टिपली. पाहणारा पुरुष आणि पाहिली जाणारी स्त्री ही विभागणी या क्षणापुरती उलटते.

तिसऱ्या अपत्याच्या जन्मावरील ‘थाय लाइन लायर ट्रायँग्युलर’ (१९६१) या लघुपटात ब्रॅकेज यांनी फिल्मवर रंग लावले आणि ओरखडे काढले. डोळे मिटल्यावर दिसणारे रंगांचे ठिपके पडद्यावर आणणे हा त्यांचा हेतू होता. या रंगांमुळे प्रसूतीचे दृश्य काही ठिकाणी झाकलेही जाते.

या लघुपटांवर स्त्रीवादी समीक्षकांनी आक्षेपही घेतले आहेत. संकलनाची अंतिम सत्ता पतीकडेच राहिली आणि पत्नीचे जीवन पतीच्या कलाकृतीचे साहित्य झाले, असा त्यांचा रोख आहे. बार्बरा हॅमर यांनी १९७० च्या दशकात ‘जेन ब्रॅकेज’ या नावाचाच लघुपट केला. पतीच्या चित्रपटांतून परिचित झालेली ही स्त्री त्यात स्वतःच्या शब्दांत बोलते. जेन पुढे जेन वोडेनिंग या नावाने लेखिका म्हणून प्रसिद्ध झाल्या. १९८७ मधील घटस्फोटानंतर ब्रॅकेज यांच्या कामात कुटुंबाचे चित्रण मागे पडले आणि हाताने रंगवलेल्या अमूर्त चित्रपटांना प्राधान्य मिळाले.

कॅरोली श्निमन आणि ‘फ्यूजेस’

चित्रकार आणि लघुपटकार कॅरोली श्निमन (१९३९–२०१९) आणि त्यांचे जोडीदार, संगीतकार जेम्स टेनी, हे ब्रॅकेज यांच्या ‘लव्हिंग’ (१९५७) आणि ‘कॅट्स क्रेडल’ (१९५९) या लघुपटांत दिसतात. त्या चित्रणात आपले सहजीवन नीट उमटले नाही, असे श्निमन यांना वाटले. स्वतःच्या जीवनाचे चित्रण स्वतःच करावे, या विचारातून ‘फ्यूजेस’ (१९६४–६७) हा सुमारे अर्ध्या तासाचा मूक लघुपट तयार झाला.

श्निमन आणि टेनी यांच्या शरीरसंबंधाचे चित्रण हा त्याचा विषय आहे. त्या वेळी खोलीत दुसरा कोणीही छायाचित्रकार नव्हता. उसन्या घेतलेल्या कॅमेऱ्यांनी या दोघांनीच चित्रण केले. किच ही त्यांची मांजर अनेक दृश्यांत शांतपणे पाहताना दिसते आणि प्रेक्षकाने या मांजरीच्या नजरेने पाहावे, अशी लघुपटाची योजना आहे. श्निमन यांनी फिल्म भाजली, तीवर रंग दिले, ओरखडे काढले आणि तुकडे चिकटवले. परिणामी दृश्य स्पष्ट होता होता विरून जाते. शरीर दाखवण्याचा निर्णय त्या शरीराच्या मालकिणीने घेतला आणि किती दाखवायचे हेही तिनेच ठरवले. या कारणाने ‘फ्यूजेस’ हा स्त्रीवादी चित्रपटाच्या इतिहासातील महत्त्वाचा टप्पा मानला जातो. ‘प्लम लाइन’ (१९६८–७१) आणि ‘किच्स लास्ट मील’ (१९७३–७६) यांसह तो श्निमन यांच्या आत्मचरित्रात्मक चित्रपटत्रयीचा भाग आहे.

स्वयंपाकघर आणि खोली

१९६० च्या दशकाच्या उत्तरार्धापासून स्त्री लघुपटकारांनी घरकामाला विषयाचा दर्जा दिला. गुन्वॉर नेल्सन आणि डोरोथी वायली यांच्या ‘श्मीअरगुन्ट्स’ (१९६५) या १५ मिनिटांच्या लघुपटात सौंदर्यस्पर्धा आणि जाहिराती यांतील नीटनेटकी स्त्री एका बाजूला आणि तुंबलेले सिंक, गरोदरपणातील ओकाऱ्या, मुलांचे लंगोट दुसऱ्या बाजूला असा विरोध मांडला आहे.

बेल्जियमच्या शांताल आकरमन (१९५०–२०१५) यांनी वयाच्या अठराव्या वर्षी ‘सोत मा व्हिल’ (१९६८) हा १३ मिनिटांचा लघुपट केला. एक मुलगी गुणगुणत स्वयंपाकघरात शिरते, जेवण करते, मांजरीला बाहेर काढते, दाराच्या फटी चिकटपट्टीने बंद करते आणि अखेरीस गॅसचा स्फोट होतो. ही भूमिका आकरमन यांनीच केली आहे. ‘ला शांब्र’ (१९७२) या ११ मिनिटांच्या मूक लघुपटात कॅमेरा न्यूयॉर्कमधील एका खोलीत संथपणे गोल फिरतो. खुर्ची, किटली, टेबल यांच्याइतकेच लक्ष तो पलंगावरील आकरमन यांच्याकडे देतो. त्या कधी नुसत्या पाहतात, कधी सफरचंद खातात. कॅमेरा त्यांच्यापाशी थांबत नाही, त्यामुळे पाहणाऱ्याला डोकावण्याचे समाधान मिळत नाही. या लघुपटांतील विचारांचा विस्तार त्यांच्या ‘जान दिलमान’ (१९७५) या २०१ मिनिटांच्या चित्रपटात झाला. एका विधवेच्या तीन दिवसांच्या घरकामावरील हा चित्रपट २०२२ मध्ये ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश मासिकाच्या समीक्षक मतदानात सर्वोत्कृष्ट ठरला.

मार्था रॉसलर यांच्या ‘सेमिऑटिक्स ऑफ द किचन’ (१९७५) या सुमारे सहा मिनिटांच्या कृष्णधवल व्हिडिओत पाककृतींच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमाचे विडंबन आहे. रॉसलर निर्विकार चेहऱ्याने इंग्रजी वर्णक्रमानुसार स्वयंपाकाची उपकरणे दाखवतात. प्रत्येक उपकरण वापरताना त्यांची हालचाल अधिकाधिक हिंसक होत जाते. शेवटची अक्षरे त्या हातांनी हवेत रेखाटतात आणि खांदे उडवून थांबतात.

जुन्या होम मूव्हींचा पुनर्वापर

दुसऱ्यांनी केलेले घरगुती चित्रण नव्याने संकलित करण्याची पद्धतही या प्रवाहात रूढ झाली. मिशेल सिट्रॉन यांनी १९७० च्या दशकाच्या अखेरीस केलेल्या ‘डॉटर राइट’ या लघुपटात वडिलांनी घेतलेली कौटुंबिक दृश्ये संथ गतीने पुन्हा दाखवली आहेत. हसऱ्या चेहऱ्यांमागील अवघडलेपणा त्यामुळे उघड होतो. यातील दोन बहिणींच्या मुलाखती माहितीपटासारख्या भासतात, परंतु त्या अभिनेत्रींनी सादर केल्या आहेत. कौटुंबिक सत्य सांगण्याचा हा उपाय होता.

हंगेरीच्या पेतेर फोर्गाच यांनी १९८३ मध्ये बुडापेस्ट येथे खासगी छायाचित्रे आणि चित्रफितींचा संग्रह उभारला आणि १९८८ पासून ‘खासगी हंगेरी’ ही चित्रपटमालिका केली. त्यांच्या ‘द मेलस्ट्रॉम’ (१९९७) या तासाभराच्या चित्रपटात एका डच ज्यू कुटुंबाच्या होम मूव्ही आहेत. विवाह, बाळ, समुद्रकिनारा यांनंतर हे कुटुंब हद्दपारीच्या प्रवासासाठी कपडे शिवताना आणि सामान बांधताना दिसते. पुढे त्यांच्यावर काय ओढवणार हे प्रेक्षकाला ठाऊक असते, त्यांना नसते. स्वतःपुरते केलेले चित्रण असे इतिहासाचा पुरावा ठरते, मात्र त्याला संमती देण्यास वा नाकारण्यास त्यातील बहुतेक माणसे उरलेली नसतात.

जपानच्या नाओमी कावासे यांनी ‘एम्ब्रेसिंग’ (१९९२) मध्ये लहानपणी सोडून गेलेल्या वडिलांचा शोध घेतला आणि ‘कातात्सुमोरी’ (१९९४) मध्ये आपल्याला वाढवणाऱ्या वृद्ध आजीचे चित्रण केले. अमेरिकेच्या सू फ्रीडरिक यांच्या ‘सिंक ऑर स्विम’ (१९९०) मध्ये वडील आणि मुलगी यांची कहाणी उलट्या इंग्रजी वर्णक्रमाने २६ भागांत येते. निवेदनात ‘मी’ ऐवजी ‘मुलगी’ हा शब्द योजल्याने आत्मकथनाला अंतर लाभते.

भारतातील आणि मराठीशी संबंधित प्रयोग

चित्रकार अकबर पदमसी यांनी मुंबईत चालवलेल्या ‘व्हिजन एक्सचेंज वर्कशॉप’ (१९६९–७२) या उपक्रमात चित्रकार, छायाचित्रकार आणि चित्रपटकार एकत्र आले. त्यातील तरुण चित्रकार नलिनी मलानी यांनी १९६९ मध्ये ‘स्टिल लाइफ’ आणि ‘ओननिझम’ हे प्रत्येकी चार मिनिटांहून लहान कृष्णधवल लघुपट केले. पहिल्यात कॅमेरा घरातील वस्तूंवरून फिरतो आणि माणसाचे वास्तव्य केवळ खुणांतून जाणवते. दुसऱ्यात पलंगावर पडलेल्या एका स्त्रीच्या शरीराच्या अस्वस्थ हालचाली आहेत. स्त्रीच्या खासगी इच्छेचा विषय भारतीय स्त्री कलावंताने पडद्यावर आणण्याचे हे प्रारंभीचे उदाहरण होय.

पाश्चात्त्य लघुपटांतील खासगीपणा बहुधा बंद दाराच्या खोलीशी जोडलेला असतो. मुंबईतील चाळीत किंवा जुन्या वाड्यात अशी खोली सर्वांच्या वाट्याला येत नाही. तेथे खासगीपणा पडदा, दुपारची सामसूम आणि हलक्या आवाजातील बोलणे यांतून निर्माण होतो. पायल कपाडिया यांच्या लघुपटांत याचे भान दिसते. पुण्याच्या भारतीय फिल्म आणि दूरचित्रवाणी संस्थेत (एफटीआयआय) शिकत असताना त्यांनी केलेला ‘आफ्टरनून क्लाउड्स’ २०१७ मध्ये कान महोत्सवाच्या विद्यार्थी विभागात निवडला गेला. साठ वर्षांच्या विधवा काकी आणि त्यांच्याकडे काम करणारी नेपाळी तरुणी मालती यांच्या घरातील एक दुपार त्यात आहे. एकाच छताखाली राहणाऱ्या दोघींची गुपिते मात्र वेगळी आहेत.

‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ (२०१८) हा त्यांचा २३ मिनिटांचा मराठी लघुपट भीमाशंकरच्या जंगलालगतच्या कोंडवळ गावात चित्रित झाला. यात गावातील स्त्रिया आपल्या हरवलेल्या प्रेमाविषयी कुजबुजतात. त्यांचे आवाज ऐकू येतात, पण बोलणारी स्त्री पडद्यावर दिसत नाही. कोणते बोल कोणाचे हे गावाबाहेरच्या प्रेक्षकाला कळत नाही. बोलणारीचे नाव आणि चेहरा राखून तिचे मन उघड करणारी ही रचना आहे.

निष्ठा जैन यांचा ‘लक्ष्मी अँड मी’ (२००७) हा सुमारे तासाभराचा माहितीपट मुंबईत दिग्दर्शिकेच्या स्वतःच्या घरी काम करणाऱ्या तरुणीवर आहे. तो रूढ अर्थाने प्रायोगिक नसला, तरी मालकिणीच्या हातात कॅमेरा असताना मोलकरणीची संमती कितपत मोकळी असते, हा प्रश्न तो दिग्दर्शिकेलाच विचारतो.

खासगीपणा जपण्याची तंत्रे

या प्रवाहातील तंत्रांकडे केवळ शैली म्हणून पाहता येत नाही. ध्वनी वगळल्याने घरातील बोलणे घरातच राहते. निगेटिव्ह प्रतिमा, रंग आणि ओरखडे शरीराला अनोळखी करतात. आवाज आणि चेहरा वेगळे केल्याने बोलणारी व्यक्ती सुरक्षित राहते. अभिनेत्यांची योजना, तृतीयपुरुषी निवेदन आणि केवळ वस्तूंचे चित्रण यांचाही हेतू अनेकदा हाच असतो. काय दाखवले याइतकेच काय राखले, हेही या लघुपटांच्या मूल्यमापनात महत्त्वाचे ठरते.

संमतीचा प्रश्न मुलांच्या बाबतीत अधिक कठीण होतो. तान्हे मूल संमती देऊ शकत नाही आणि मोठेपणी त्याला आपली बालपणीची दृश्ये जगभर पाहिली गेल्याचे कळते. घरकाम करणारी माणसे, स्मृतिभ्रंश झालेले वृद्ध आणि मृत नातेवाईक यांच्याबाबतही असाच पेच असतो.

कायदेशीर बाजू

भारताच्या सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी पुट्टस्वामी खटल्यात खासगीपणाचा हक्क हा मूलभूत हक्क असल्याचा निर्णय दिला. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ई नुसार व्यक्तीच्या गुप्तांगांचे संमतीविना चित्रण किंवा प्रसारण करणे गुन्हा आहे. स्त्रीच्या खासगी कृतीचे चोरून निरीक्षण वा चित्रण करणे २०१३ पासून भारतीय दंड संहितेच्या ‘३५४सी’ या कलमाखाली गुन्हा ठरले. १ जुलै २०२४ पासून ही तरतूद भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ मध्ये आहे. चित्रणाला संमती असली, तरी ते इतरांना दाखवण्यास संमती नसेल, तर त्याचा प्रसारही गुन्हा ठरतो, असे या कलमाचे स्पष्टीकरण सांगते. चित्रणाची संमती आणि प्रदर्शनाची संमती या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे तत्त्व लघुपटकारांच्या दृष्टीने विशेष महत्त्वाचे आहे.

प्रभाव

आत्मकथनात्मक माहितीपट, व्हिडिओ कला आणि स्त्रीवादी चित्रपट यांवर या लघुपटांचा प्रभाव पडला. मोबाइलमुळे घरातील चित्रण आज सर्वसामान्य झाले असून ते क्षणार्धात सार्वत्रिक होते. फिल्म धुण्यात, कापण्यात आणि जोडण्यात जाणारा वेळ पूर्वी लघुपटकाराला विचार करण्यास भाग पाडत असे. तो वेळ आता उरलेला नाही. त्यामुळे कॅमेरा कोणाच्या हाती आहे आणि समोरच्या व्यक्तीने कशाला होकार दिला आहे, हे या लघुपटांनी उपस्थित केलेले प्रश्न आता प्रत्येक घराला लागू होतात.